कोपऱ्याशेजारची

यमुनाने हात दाबला नाही.

समोरून चढाईला आलेली पोरगी डावीकडे झुकली होती. तिचा मागचा पाय माझ्या हाताच्या टप्प्यात येऊन टेकला होता आणि मी तयार होते. एक श्वासभर वाट पाहिली. माझ्या हातातला यमुनाचा हात तसाच सैल. तेवढ्यात पोरीने पाय उचलला, यमुनाच्या खांद्याला जाता जाता बोट लावलं आणि मध्यरेषेपलीकडे नाचत गेली. फळ्यांच्या गॅलरीवर बसलेलं सगळं पेण एका सुरात "अरेरे" म्हणालं.

"का गं? झोप लागली काय?" मी विचारलं.

"दिसला नाय," यमुना म्हणाली आणि खाली मान घालून बाद झालेल्यांच्या जागेत जाऊन बसली.

पुढच्या पाचेक मिनिटांत ती जिवंत होऊन परत आली, माझा हात धरून उभी राहिली, आणि पुन्हा तेच झालं. मग तिसऱ्यांदाही. लाऊडस्पीकरवर बोलणाऱ्या गृहस्थांच्या विनोदाला तर ऊतच आला. "भोईरांची यमुना आज माहेरी आलीय मंडळी! आल्या पाहुणीला हातसुद्धा न लावता वाटेला लावतेय!" लोक हसले. गॅलरीच्या वरच्या फळीवरून कुणीतरी ओरडलं, "यमे, घरी जाऊन निज गो!" तिथेच तिचे वडील बसले होते, पांढरी टोपी मांडीवर घेऊन. ते काही हसले नाहीत.

तो उपांत्य सामना आम्ही जिंकलो, पण आमच्या चढाईच्या मुलींच्या जिवावर. माझ्या डाव्या कोपऱ्याने त्या दिवशी एकही पकड केली नाही. दहा-अकरा वर्षांत असं कधी झालं नव्हतं.

कबड्डी न बघणाऱ्यांसाठी थोडं सांगते. बचावाला सात जणी अर्धगोल करून उभ्या असतात. दोन टोकांना दोन कोपरे. कोपरा म्हणजे पकडीची सुरुवात करणारी: समोरचीच्या घोट्यावर झेप घ्यायची, बाकीच्यांनी वरून येऊन तिला झाकायचं. कोपरा एकटा उभा नसतो, शेजारचीचा हात धरून असतो. मी कोपरा आणि यमुना माझ्या शेजारची. आमचं ठरलेलं होतं. माझी नजर समोरचीच्या हातांवर, यमुनाची तिच्या मागच्या पायावर. त्या पायावर भार आला, की यमुना माझा हात दाबणार आणि मी जाणार. बघायचं नाही, विचारायचं नाही, जायचं. सवय इतकी मुरली होती, की हात दाबला गेल्याशिवाय माझा पाय जमिनीवरून सुटतच नसे. शहाणी कोपरेवाली चार वेळा स्वतःच्या डोळ्यांनी बघून जाते. मी कधी गेले नाही. आमच्या जोडीचा तो गुण होता आणि दोषही तोच.

मी इचलकरंजीची, पद्मा मगदूम. वडील यंत्रमागांच्या कारखान्यात जॉबर होते, मागात बिघाड झाला की दुरुस्त करणारे. कारखान्यामागच्या मोकळ्या जागेत संध्याकाळी मुलींचा संघ खेळायचा. त्यात मी घुसले ती घुसलेच. आमच्या जैन समाजातल्या बायका आईला म्हणत, "पोरगी चड्डी घालून मातीत लोळती, कोण करून घेणार तिला?" त्यांचं खरं झालं. दोन स्थळं आली आणि मैदान बघून गेली. मला वाईट वाटलं असेल, आता आठवत नाही. पुण्याच्या सह्याद्री पेपर मिलने खेळाडू म्हणून नोकरीवर घेतलं तेव्हा मात्र मी तीन दिवस नीट जेवले नव्हते, एवढा आनंद झाला होता. सकाळी मैदान, दुपारी आवक-जावकच्या टेबलावर शिक्के मारायचे, संध्याकाळी पुन्हा मैदान. राज्याकडून खेळले, परदेशी एकदा जाऊन आले. पेपरात फोटो आला की आई तो देव्हाऱ्यापाशी ठेवी, महावीरांच्या पायाशी लेकीची चड्डी.

यमुना माझ्यामागून वर्षभराने मिलमध्ये आली. पेणजवळच्या खाडीकाठच्या गावातली आगऱ्याची मुलगी. मिठागरात राबून खांदे असे झालेले, की वरून येऊन झाकली की खालची हलायचीच नाही. खेळ माझ्या तोडीचा, पण राज्याच्या संघात तिचं नाव कधी आलं नव्हतं. शेजारची कुणाला दिसत नाही. पकड झाली की टाळ्या घोटा धरणाऱ्याला. ती यावर कधी बोलली नाही, पण राज्याच्या संघाची निळी बॅग घेऊन मी शिबिराहून यायचे तेव्हा ती ती बॅग हातात घेऊन उगीच चेन उघडून बंद करून बघायची.

पेणच्या त्या स्पर्धेला राज्याचे निवडकर्ते पहिल्या रांगेत खुर्च्या टाकून बसले होते. यमुना तेव्हा बत्तीस वर्षांची. तिच्यासाठी ती शेवटची गाडी होती, हे सगळ्या संघाला ठाऊक होतं.

आणि माझ्यासाठी काय होतं, ते फक्त मला आणि तावडे सरांना.

तावडे सर आमचे प्रशिक्षक, परळचे, जुन्या मातीतले. पेणला निघायच्या आदल्या आठवड्यात त्यांनी मला मैदानाच्या कडेला बोलावलं. "पद्मा, या स्पर्धेनंतर मी निवृत्त होतोय. माझ्या जागी कोण, असं मिलच्या साहेबांनी विचारलं. मी तुझं नाव दिलंय."

"मला खेळायचंय सर."

"किती दिवस?"

"पाय चालतोय तवर."

"चालतोय का?"

"चालतोय कुठला, पळतोय!" मी म्हणाले. उजवा गुडघा वर्षभर अधूनमधून धरायचा. मी त्याला घट्ट पट्टी बांधत होते, वरून गुडघ्याची टोपी चढवत होते आणि कुणी विचारलं तर मुरगळला म्हणत होते. खेळाडूचा गुडघा आणि सासुरवाशिणीचं दुःख, दोन्ही पदराखाली ठेवायचं असतं असं मला तेव्हा वाटे.

सरांनी माझ्या गुडघ्याकडे बघितलं आणि म्हणाले, "ठीक आहे. पेणला कोपरा सांभाळून दाखव. सांभाळलास तर तू खेळाडू, मी साहेबांना दुसरं नाव देतो. नाहीतर माझी खुर्ची तुझी."

मला त्या खुर्चीचा तिटकारा होता. प्रशिक्षक म्हणजे काय, तर पंगतीत न बसता नुसता "वाढा, वाढा" म्हणत फिरणारा माणूस. मला पंगतीतच बसायचं होतं. कोपरा सोडला तर मी कोण? शिक्के मारणारी बाई, एवढंच उरत होतं.

म्हणून त्या संध्याकाळी यमुनाचा हात तीनदा सैल राहिला, तेव्हा माझ्या डोक्यात नाही नाही ते आलं. सरांची खुर्ची रिकामी होतेय हे हिला कळलं असेल का? मी पडले तर खुर्ची माझ्या गळ्यात आणि कोपरा रिकामा. तोच तर हिला हवा नसेल? नाहीतर निवडकर्त्यांसमोर मला पाडायचं असेल, म्हणजे राज्याच्या संघातली माझी जागा हिला. इतकी वर्षं माझ्या सावलीत उभी होती. आतून कुढत असेल. मन एकदा उताराला लागलं की त्याला खड्डे दिसत नाहीत.

दुसऱ्या दिवशी सकाळी मी सरांना गाठलं. आम्हांला एका शाळेत उतरवलं होतं. व्हरांड्यात दोरीवर सगळ्यांचे टी-शर्ट वाळत होते. सर तिथेच दाढी करत होते.

"आज माझ्या शेजारी नलिनी द्या. यमुना नको."

सरांचा वस्तरा गालावर थांबला. "नक्की?"

"काल बघितलं न्हवं तुम्ही? तिनं तीनदा हात दाबला नाही. निजली होती की मुद्दाम केलं, ते तिलाच ठाऊक."

"तू विचारलंस तिला?"

"दिसलं नाही म्हणती. दहा वर्षं दिसत होतं, कालच डोळं गेलं?"

"तिला विचार," सर म्हणाले. "नीट विचार."

"मला विचारायचं नाही. मला खेळायचंय."

सरांनी उरलेली दाढी उतरवली, तोंड धुतलं, पंच्याने पुसलं आणि म्हणाले, "बरं. नलिनी." एवढंच. दुपारच्या चर्चेत त्यांनी सगळ्यांसमोर सांगितलं, की संघातली धाकटी नलिनी डाव्या कोपऱ्याशेजारी, यमुना उजव्या बाजूला. यमुनाने मान वर केली नाही. तिने कारणही विचारलं नाही, आणि त्यामुळे माझी तर खात्रीच पटली. चोराच्या मनात चांदणं म्हणतात ते हेच, असं मी स्वतःला सांगितलं.

त्याच दुपारी तिचे आईवडील जेवण घेऊन आले. संघातल्या सगळ्यांसाठी तांदळाच्या भाकऱ्या आणि सुकटीचं कालवण. तिची आई माझ्यापाशी आली, पिशवीतून कोरा डबा काढला आणि म्हणाली, "ह्या वालाचा बिरडा तुझा बाय. नवीन टोपात शिजवलाय. माशाचा हातपण लागला नाय त्याला." दर वेळी पेणकडून काही आलं की माझं वेगळं येत असे. त्या दिवशी मी दोन घास खाल्ले आणि झाकण लावून डबा समोर ठेवला. यमुना समोरच्या भिंतीला टेकून जेवत होती. तिने एकदाच वर बघितलं. तोंडाकडे नाही बघितलं, मी मांडी न घालता पाय लांब करून बसले होते, त्या पायाकडे बघितलं. तेव्हा मला ते कळलं नाही. मला वाटलं, नजर चुकवतेय.

अंतिम सामना मुंबईच्या एका बँकेच्या संघाशी होता. त्यांची राणे म्हणून चढाईची खेळाडू होती, लांब पायांची, घाई न करणारी. ती पहिल्यांदा आमच्या बाजूला आली आणि माझ्या कोपऱ्यात पाय टाकून हळूच फिरली. नलिनीने हात दाबला. मी गेले. घोटा हातात आला, वरून नलिनी आली, आणि राणे मातीत. गॅलरी फुटायची बाकी राहिली. मी उठले, केस मागे सारले आणि मुद्दाम उजवीकडे बघितलं. म्हटलं बघ, अशी असते शेजारची. यमुना टाळ्या वाजवत होती. मला त्याचाही राग आला.

दुसऱ्यांदा राणे आली. नलिनीने हात दाबला, अगदी वेळेवर. मी झेपावले, म्हणजे मनाने झेपावले. उजव्या पायाने जमीन ढकलायची असते, त्याने ढकललीच नाही. माझी बोटं तिच्या घोट्याला नुसती लागली आणि राणे दोघींना बाद करून गेली.

"माझं चुकलं ताई," नलिनी म्हणाली. "उशीर झाला."

"व्हय, जरा लवकर दाब," मी म्हणाले. पोरीने बिचारीने मान हलवली.

आम्ही दोघी जिवंत होऊन परत आलो आणि तिसऱ्यांदा तिने लवकर दाबला. मी घोटा धरला. पण गुडघ्यात जोर नव्हता, बूड टेकून बसता येईना, आणि राणे मला ओढत निघाली. मी पिशवीसारखी तिच्या पायाला लटकलेली. मला वाचवायला नलिनी आली, तिच्यामागून आणखी दोघी आल्या. राणेने हात लांब केला आणि तिची बोटं मध्यरेषेला लागली. चौघी बाद. पुढच्या चढायांत उरलेल्याही गेल्या आणि आमच्यावर लोण बसला, म्हणजे अख्खा संघ बाद आणि वर समोरच्यांना जादा गुण. लाऊडस्पीकरवाल्या गृहस्थांनीही या वेळी विनोद केला नाही.

लोण बसला की सगळ्या पुन्हा उठून उभ्या राहतात. मी कोपऱ्यात गेले, नलिनीचा हात धरला. राणे पुन्हा येत होती, तोंडाने "कबड्डी कबड्डी" चालू. आणि कोण जाणे का, मी तिच्याकडे न बघता पलीकडे बघितलं. यमुना उजव्या बाजूला वाकून उभी होती. तिचं लक्ष राणेकडे नव्हतं. ती माझ्या पायांकडे बघत होती.

दहा वर्षं तिने समोरचीचा पाय बघितला. कुठल्या पायावर भार आहे, कुठला उचलणार, हे तिला दुसरं कुणी सांगावं लागत नसे. ती आता माझा पाय बघत होती.

मी खाली बघितलं. नलिनीच्या हाताची बोटं पांढरी पडली होती. मी तो हात धरला नव्हता, त्यावर टेकले होते. उजवा पाय जमिनीला लागावा इतपतच लागला होता, बाकीची सगळी पद्मा मगदूम त्या पोरीच्या हातावर उभी होती. म्हणजे काल यमुनाच्या हातावर उभी असणार. काल, परवा, किती महिने, कुणास ठाऊक. माझ्या शरीराचं ओझं माझ्याआधी तिला कळलं होतं.

मला आत्ताही ते लिहिताना कसंतरी होतं. पाय गेल्याचं दुःख होतंच, पण त्याहून मोठी होती लाज. सकाळी व्हरांड्यात काय काय बोलले होते मी.

राणे त्या खेपेला एक गडी मारून गेली. मी जागची हललेच नाही. मध्यंतराची शिट्टी झाली आणि मी सरांपाशी गेले.

"मला बसवा."

सरांनी बाटलीतलं पाणी पुढे केलं. "आणि कोपऱ्यात?"

"यमुना."

"सकाळी म्हणालीस..."

"सकाळचं सोडा सर. सकाळी मी आंधळी होते. यमुनाला कोपऱ्यात घाला, नलिनी शेजारी राहू दे. आणि नलिनीला सांगा, हात दाबायची गरज नाही. यमुना स्वतः बघून जाईल."

सरांनी पंचांकडे बदली मागितली. यमुना जवळून गेली तेव्हा मी तिचा हात धरायला गेले. तिने हात काढून घेतला. "मॅच चाललीय," म्हणाली.

मी सरांच्या बाजूला बाकावर बसले. इतकी वर्षं मला मैदान दिसायचं ते कोपऱ्यातून, एका बाजूने. समोरून ते असं दिसतं हे मला ठाऊकच नव्हतं. राणे फिरायच्या आधी डावा खांदा पाडते, ते दिसत होतं. आमची उजवी बाजू दर वेळी अर्धं पाऊल पुढे येते, तेही दिसत होतं. मी सरांना सांगितलं. सर म्हणाले, "मला काय सांगतेस? त्यांना सांग." मग मी उभी राहून ओरडायला लागले.

यमुना कोपऱ्यात उभी राहिली तेव्हा तिच्याच गावची माणसं हसली होती. राणेला तिने पहिल्यांदा धरलं तेव्हा गप्प झाली. दुसऱ्यांदा धरलं तेव्हा वरच्या फळीवरचे तिचे वडील उभे राहिले आणि मागच्यांनी "बसा हो" म्हटलं तरी बसले नाहीत. आम्ही भरून काढत काढत आलो, पण तो लोण भरून निघाला नाही. थोडक्यात हरलो. माझ्या त्या एका पकडीत जे गेलं, तेवढ्यानेच हरलो.

बक्षीस समारंभाला राज्याच्या शिबिरासाठी निवडलेल्या मुलींची नावं लाऊडस्पीकरवर वाचायची तिथली पद्धत होती. आमच्यातल्या दोन चढाईच्या मुलींची नावं आली. नलिनीचंही आलं. यमुना टाळ्या वाजवत उभी होती. नावं संपली तरी ती जरा वेळ वाजवतच राहिली.

मी सरांना ओढत निवडकर्त्यांकडे नेलं. त्यातले एक जुने ओळखीचे होते. ते म्हणाले, "तावडे, भोईर आज छानच खेळली. पण नावं आम्ही काल ठरवली. काल तीन वेळा पाय समोर आला आणि तिला दिसलाच नाही. अशी खेळाडू कशी घ्यायची, तूच सांग."

मी तोंड उघडलं. काय सांगणार होते? की तिला दिसला होता? तिन्ही वेळा दिसला होता, आणि तो पाय दिसूनही ती गप्प राहिली कारण तिला दुसराही एक पाय दिसत होता? ते हसले असते. तरी मी सांगितलं. ते हसले नाहीत, पण नावही घातलं नाही.

मैदान रिकामं झालं. यमुना गॅलरीच्या खालच्या फळीवर बसून पायाची माती झाडत होती. मी तिच्या शेजारी बसले.

"का सांगितलं नाहीस?"

"काय सांगू?"

"माझा पाय गेलाय ते."

"तुना? मी?" ती पहिल्यांदा माझ्याकडे वळली. "कोपऱ्याशिवाय तुझा काय हाय गो? ना घर, ना पोर. ता मी माझ्या तोंडानी काढून घेऊ?"

"मग सरांना सांगायचंस."

"सरांनी बसवला असता तुना. चारचौघांत. मना ता नको व्हता." तिने पायाची उरलेली माती झाडली. "मना वाटला, हात नाय दाबला तर तू नाय जानार. एवढी स्पर्धा निभावून जाईल. पुढचा पुढं."

"आणि निवडकर्ते समोर बसलेले?"

"दिसत व्हते ना."

"तुझा बाप वर बसलेला. लोक काय काय बोलत होते."

"ऐकायला येत व्हता," ती म्हणाली. आणि मग एकदम तिचा आवाज चढला. "येक सांगू? आज दुपारी सरांनी मना उजवीकडं टाकलान, तवा मना असा राग आला तुझा. मना वाटला, जाऊ दे, मरू दे. मोडून घेऊ दे पाय. मी माझा खेळते. खरा सांगते, बिरड्याचा डबा तुझ्या म्होरून उचलून नेवा, असा वाटला."

"मग माझ्या पायाकडं का बघत होतीस?"

"नजर जाते गो," यमुना म्हणाली आणि रडायला लागली. मीही रडले. नाव न आल्याबद्दल ती रडत होती की माझ्या पायाबद्दल, ते मी विचारलं नाही. तिलाही वेगळं करून सांगता आलं नसतं.

महिन्याभराने मी सरांच्या जागी आले. साहेबांना अट घातली, की डाव्या कोपऱ्यात यमुना भोईर खेळेल. ती दोन मोसम खेळली, आणि काय खेळली! दोन्ही वर्षं मी निवडकर्त्यांच्या मागे लागले. दोन्ही वर्षं ते म्हणाले, वय बघा. राज्याच्या संघात तिचं नाव शेवटपर्यंत आलं नाही. माझ्या हाताखालच्या कितीतरी मुली पुढे तिथे पोचल्या, पण ती नाही. ते शल्य माझ्या उरात आहे आणि राहणार.

तिसऱ्या मोसमाच्या सुरुवातीला, एका सकाळी सरावात, मला तिचा डावा खांदा दिसला. वरून येऊन झाकताना ती तो हात मागे ठेवत होती. दुसऱ्या दिवशी पुन्हा दिसला. आठवडाभर मी बघून न बघितल्यासारखं केलं. तिला उजवीकडे खेळवून बघितलं, चढाईच्या मुलींना कोपऱ्याकडे कमी पाठवलं. संघाच्या पोरी माझ्याकडे चमकून बघायला लागल्या. आणि मग एकदा नलिनीला कोपऱ्याशेजारी तिचं ओझं सांभाळताना पाहिलं, तोंड मिटून, एक शब्द न बोलता. तेव्हा मात्र मी यमुनाला बाजूला बोलावलं.

"यमुना, यंदा मी तुला संघात घेत नाही."

तिने माती लागलेले हात चड्डीला पुसले.

"तुझा खांदा गेलाय. तू खेळलीस तर हात कायमचा जाईल, आणि तुला झाकता झाकता नलिनीचाही खेळ जाईल. मी तुला बसवते."

मी हे पाठ करून आले होते, तरी शेवटचं वाक्य नीट बाहेर पडलं नाही. यमुनाने खांद्यावर हात ठेवला, जिथे दुखत होतं तिथेच, आणि मैदानाकडे बघितलं. मला वाटलं, आता ही मला बोलणार. बोलायला हवंच होतं तिने.

"बोललीस ता बरा केलास," ती म्हणाली. "मना नव्हता जमला."

पोरी पळायच्या थांबून आमच्याकडे बघत उभ्या होत्या. त्यांना पुन्हा पळवायला शिट्टी वाजवायला हवी होती. ती माझ्याच गळ्यात होती, पण मला ती लवकर वाजवता आली नाही.